दर्शना मॅडमचा उजवा पाय

बोरिवली पश्चिमेला, चिकूवाडीच्या रुंद रस्त्यांवर सकाळी सहा ते नऊ या वेळात कुणाला फिरायला जायचं असेल, तर त्याने दर्शना घाडीगावकर या बाईंच्या आवाजाची सवय करून घ्यावी. छपरावर पिवळा बोर्ड आणि मागे लाल ‘एल’ लावलेली पांढरी गाडी रांगत येते, काच खाली असते आणि आतून हुकूम सुटत असतात. “अगं, स्टिअरिंगला लोंबकळू नकोस, ती काय कपड्यांची दोरी आहे?” “आरशात बघ, आरशात! लिपस्टिक नाही, मागची रिक्षा बघ.” “हॉर्न दे ना त्याला. लाजतेस कसली, तो काय तुला बघायला आलाय?” फिरायला आलेली मंडळी हसून बाजूला होतात. कुत्रीसुद्धा बाजूला होतात, तीही आता जुनी झाली.

बाई पन्नाशीला दोन कमी. उभट चेहरा, डोळ्यांवर काळा गॉगल, पंजाबी ड्रेसची ओढणी कमरेला गुंडाळलेली. गेली नऊ वर्षं ती गाडी शिकवते आणि शिकणाऱ्या सगळ्या बायकाच. म्हणजे पुरुषांना बंदी नव्हती, पण एकदा एका शेअर दलालाने तिला “मॅडम, मला थोडं थोडं येतं” असं सांगितलं, तेव्हा तिने “मग थोडं थोडं घरी जा” म्हणून त्याला उतरवलं होतं. ही बातमी पसरली आणि बायकांची रीघ लागली. नवऱ्याने पहिल्याच दिवशी ओरडून रडवलेल्या, मुलांनी “मम्मी, तुला नाही जमणार” म्हटलेल्या, चाळिशीपर्यंत मागच्या सीटवर बसलेल्या. अशी बाई पहिल्यांदा उजवीकडे बसली की दर्शना तिच्या मांडीवर थाप मारायची आणि म्हणायची, “घाबरायचं नाही. मी आहे ना!”

त्या तीन शब्दांवर नऊ वर्षांत तीनशेच्या वर लायसन्सं निघाली. ड्रायव्हिंग स्कूलच्या दुकानाच्या भिंतीवर बायकांचे फोटो होते, लायसन्स गालाशी धरून हसणाऱ्या. महिला दिनाला तीन सोसायट्यांनी तिला शाल आणि नारळ दिला होता. एका कार्यक्रमात निवेदिकेने तिला ‘वाघीण’ म्हटलं. वाघीण स्टेजवर गेली, माईक हातात घेतला आणि म्हणाली, “भीती ही पार्किंगमध्ये ठेवायची वस्तू आहे.” टाळ्यांचा कडकडाट झाला.

आता आतली गोष्ट. या वाघिणीच्या पोटात सकाळी नऊ वाजेपर्यंत चहाचा घोट ठरत नसे. पहिली बाई येण्याआधी ती गाडीत एकटी बसून दहा-बारा वेळा ब्रेक दाबून बघायची. आणि संध्याकाळी तिची उजवी पोटरी इतकी ठणकायची की नवरा जयवंत तिला खोबरेल तेल चोळून द्यायचा. एक पोटरी दुसरीपेक्षा जाड झाली होती. उजवी चप्पल डावीच्या आधी, अंगठ्याखाली झिजायची. ती म्हणायची, “वय झालं.” दोन पाय एकाच दिवशी जन्माला आलेले असताना एकाचंच वय कसं झालं, हे जयवंतने कधी विचारलं नाही.

खरं तर शाळा जयवंतची. ‘घाडी मोटार ट्रेनिंग स्कूल’ त्याने काढलं, पंधरा वर्षं चालवलं आणि मग त्याची कंबर गेली. डॉक्टर म्हणाले, गाडीत बसणं बंद. दर्शनाला गाडी येत होती, चांगली येत होती. लालबागच्या गिरणी कामगाराची मुलगी, लग्नानंतर हौसेने नवऱ्याकडून शिकली होती. शिकवण्याचंही रीतसर लायसन्स तिने काढलं. पण ती त्या सीटवर बसली ती जयवंतच्या जागी. एसटीत रुमाल टाकून दुसऱ्यासाठी जागा धरतात, तशी आपण जागा धरलीय, खरा धनी आला की उठायचं, असंच तिला वाटत राहिलं. कंबर काही बरी झाली नाही आणि रुमाल नऊ वर्षं तिथेच राहिला.

त्यात दुसऱ्याच महिन्यात ते झालं. शिकाऊ गाडीत डाव्या सीटच्या पायाशीही एक ब्रेक आणि एक क्लच असतो, दांडीने पलीकडच्याला जोडलेला. शिकवणाऱ्याने इकडे दाबला की तिकडचाही आपोआप खाली जातो. जवळच्या एक्सर गावच्या वळणावर एका बाईने ब्रेकऐवजी रेस दाबली आणि दर्शनाचा पाय एका क्षणाने उशिरा पडला. समोर माणिक शहाळेवाल्याची हातगाडी होती. माणिकला खरचटलंसुद्धा नाही, तो घाबरून रस्त्यात खाली बसला एवढंच. पण हातगाडी कलंडली, शहाळी उतारावरून गडगडत गेली आणि अर्धा एक्सर ती गोळा करायला धावला. शेवटी सगळेच हसले. माणिक तर आजही दर्शनाला पाहिलं की “मॅडम, या वेळी पैसे देऊन प्या” म्हणून ओरडतो आणि ती त्याच्यापेक्षा मोठ्याने हसते.

हसली खरी, पण दुधाने तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो. शहाळ्याच्या जागी माणिकचं डोकं असतं तर, हा एक विचार तिच्या पोटात जाऊन बसला तो उठलाच नाही. त्या दिवसापासून तिचा पाय कधी उशिरा पडला नाही. पडायचा तो आधीच. आणि जेवढा पाय धास्तावलेला, तेवढा आवाज मोठा.

हे असंच आणखी दहा वर्षं चाललं असतं, जर एप्रिलमधल्या एका सकाळी अनुपमा जाधव दुकानात आली नसती.

अनुपमा महापालिकेच्या शाळेत शिक्षिका. चव्वेचाळीस वर्षांची, शांत, नीटनेटकी. डिसेंबरात ती दर्शनाकडे शिकली, जानेवारीत पहिल्या फटक्यात टेस्ट पास झाली. इतकी सफाईदार विद्यार्थिनी दर्शनाने क्वचित पाहिली होती. भिंतीवर तिचा फोटो वरच्या ओळीत होता.

“काय गं, पेढे द्यायला आलीस? तीन महिने उशीर?” दर्शना म्हणाली.

अनुपमा खुर्चीच्या कडेवर बसली. “मॅडम, गाडी घेतली. सेकंडहँड, पण चांगली आहे. पहिल्याच दिवशी सोसायटीच्या गेटच्या खांबावर घातली. मग आठ दिवसांनी परत काढली, तर समोरच्या रिक्षाला मागून लागली. थोडक्यात वाचले. तेव्हापासून झाकून ठेवलीय.”

“ब्रेक बघून घेतलास?”

“तीनदा. गॅरेजवाला म्हणतो, ब्रेक एकदम ओके, मॅडमच ढिल्या आहेत.” ती हसायला गेली, पण ते जमलं नाही. “तुमच्या गाडीत ब्रेक कसा लोण्यासारखा लागायचा. नुसता पाय टेकवला की गाडी थांबायची. माझ्या गाडीत मी टेकवते आणि गाडी जातच राहते. माझ्यातच काहीतरी खोट आहे, मॅडम. आमच्या सोसायटीतली शीतल, तुमच्याकडेच शिकलेली, तिचीही गाडी वर्षभर झाकलेलीच आहे. आम्ही दोघी एकमेकींना म्हणतो, आपल्याला लायसन्स मिळालं, पण गाडी काही मिळाली नाही.”

दर्शनाच्या तोंडून सवयीने निघालं, “अगं, काही नाही ते. सवय होते दोन दिवसांत. मी आहे ना!”

“तुम्ही होतात तेव्हा छान येत होतं,” अनुपमा म्हणाली. तिने ते टोमणा म्हणून म्हटलं नव्हतं. मग तिने खरं कारण सांगितलं. तिची आई, द्रौपदीबाई, पंचाहत्तरीची. दोन्ही गुडघे गेलेले. दर बुद्धपौर्णिमेला त्या गोराईच्या पॅगोड्यात जायच्या. पण गोराई खाडीच्या धक्क्यावरून बोटीत पाय टाकायचा म्हणजे दोन माणसांनी उचलायला हवं, आणि द्रौपदीबाईंना कुणी उचललेलं खपत नाही. दोन वर्षं जाणं बंद आहे. रस्त्याने जायचं तर दहिसर, भाईंदर, उत्तन असा लांबचा वळसा. त्याच्यासाठीच गाडी घेतली. पौर्णिमा तीन आठवड्यांवर आली होती. “आईला सांगून टाकते या वर्षीही नाही म्हणून. तुम्हाला फक्त एवढंच विचारायला आले, माझ्यासारख्या बायकांना कधीच येत नाही, असं असतं का हो?”

ती गेल्यावर दर्शना बराच वेळ भिंतीवरचे फोटो बघत बसली. लोण्यासारखा लागायचा. नुसता पाय टेकवला की थांबायची. दांडी जोडलेली असते, इकडे दाबला की तिकडचा आपोआप जातो. पोटरी ठणकू लागली.

दुसऱ्या दिवशी तिने जयवंतला पट्टा बांधून गाडीत मागच्या सीटवर बसवलं. हातात पेपर आणि पेन्सिल दिली. “कंबरेचं काय व्हायचं ते होऊ दे. माझ्या पायाकडे बघ. किती वेळा ब्रेक मारते, रेघा ओढ.” शिकायला आलेल्या बाईला तिने सांगितलं, हे इन्स्पेक्शनचे साहेब आहेत. बाई बिचारी अर्धा तास ताठ बसून चालवत राहिली.

ती उतरून गेल्यावर दर्शनाने विचारलं, “किती?”

“एकेचाळीस.”

“आणि खरी गरज किती वेळा होती?”

जयवंतने चष्मा पुसला. “दोन. एकदा ती म्हैस, आणि एकदा तो दूधवाला.”

उरलेल्या एकोणचाळीस वेळा बाईचा पाय ब्रेककडे निघालेला होता आणि तो पोचायच्या आत दर्शनाने गाडी थांबवली होती. म्हणजे अनुपमात खोट नव्हती आणि शीतलमध्येही नव्हती. तीनशे बायकांना आपण ब्रेक लावून दिला, शिकवला एकीलाही नाही. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण, आणि वर शाल-नारळ. तिला स्वतःची इतकी लाज वाटली की गॉगल काढायचं धैर्य झालं नाही.

“तुला ठाऊक होतं?” तिने विचारलं.

जयवंत मनातलं बोलायला लागला की मालवणीत शिरायचा. “पोटरी चोळताना कळतला नाय तर काय.”

“मग सांगितलं का नाहीस रे? नऊ वर्षं!”

“तू इतक्या जोरात बोलायचंस, माका वाटला तुका म्हायत असतला.”

ती रागाने उतरली, दुकानात गेली आणि शाळेचा बोर्ड उतरवायला स्टूल शोधू लागली. जयवंत कंबर धरत मागोमाग आला. “उतरव गो, उतरव. पण आधी त्या जाधवबाईची गाडी रस्त्यावर आण. मगे मिया स्वतः उतरवतंय.” स्टूल त्याच्याच हातात होतं. त्याने ते आत नेऊन ठेवलं.

रविवारी सकाळी दर्शना अनुपमाच्या सोसायटीत गेली. गेटच्या खांबाचा टवका उडालेला होता, तिथे कुणीतरी तुळशीची कुंडी ठेवून दिली होती. पार्किंगमध्ये करड्या कापडाखाली दोन गाड्या शेजारी शेजारी होत्या. द्रौपदीबाई खाली सावलीत प्लास्टिकच्या खुर्चीवर बसल्या होत्या, पांढरं पातळ, हातात जपमाळ नव्हे तर शेंगांची पिशवी.

“जय भीम, बाई. तुम्हीच का त्या वाघीण?”

“जय भीम, आई. वाघीण वगैरे काही नाही,” दर्शना म्हणाली. अनुपमा खाली येताच तिने बसायच्याही आधी सांगून टाकलं, कारण बसली असती तर सांगणं झालं नसतं. “अनुपमा, माझ्या गाडीत ब्रेक तू मारत नव्हतीस. मी मारत होते. दर वेळी. तुला कळायच्या आत.”

अनुपमाचा चेहरा आधी कोरा झाला आणि मग लाल. शांत माणूस रागावला की फार वाईट दिसतो. “म्हणजे मला येतच नव्हतं? आणि तुम्ही मला ‘शाब्बास’ म्हणायचात? मॅडम, तीन महिने मी स्वतःला मूर्ख समजतेय! माझा मुलगा माझी नक्कल करून दाखवतो!”

“येत नव्हतं असं नाही. तुला शिकवलंच नाही कुणी.”

“का पण?”

दर्शनाच्या जिभेवर दहा उत्तरं होती, सगळी मोठ्या आवाजातली. तिने ती गिळली. “कारण मला भीती वाटते. पहिल्यापासून. एकदा पाय उशिरा पडला होता, तेव्हापासून मी वाट बघू शकत नाही.”

द्रौपदीबाईंनी एक शेंग फोडली. “अनू, तू वर्गात पोरांची गणितं फळ्यावर स्वतः सोडवून देती आन् मग परीक्षेत ती गार होत्यात, असं तूच सांगती न्हवं?”

“ते वेगळं, आई.”

“काय वेगळं? मास्तरणीची खोड, मास्तरणीलाच कळायला पायजे.” मग दर्शनाकडे वळून, “आन् तुमी. चुकलं म्हणून सांगितलं, चांगलं केलं. आता नुसतं सांगून मला गोराई दिसायची न्हाई. शिकवा.”

दुसऱ्या दिवशी पहाटे करडं कापड निघालं. अनुपमा उजवीकडे, दर्शना डावीकडे. दर्शनाने खाली पाहिलं. पायाशी फक्त रबरी चटई. ना ब्रेक, ना क्लच. नऊ वर्षांत ती शिकाऊ माणसाशेजारी अशी रिकाम्या पायांनी कधी बसली नव्हती. “चल,” ती म्हणाली, आणि तो आवाज तिला स्वतःलाच ओळखू आला नाही.

पहिले तीन दिवस बरे गेले. गाडी वेळेवर थांबत होती. इतकी वेळेवर, की दर्शनाला चौथ्या दिवशी संशय आला. वझिऱ्याच्या नाक्याजवळ सिग्नल लाल झाला, दर्शनाचा पाय चटईवर धप्पकन आपटला आणि त्याच क्षणी अनुपमाने ब्रेक मारला. पुढच्या वळणावर पुन्हा धप्प, पुन्हा ब्रेक.

“थांब. बाजूला घे. अनुपमा, खरं सांग, तू समोर बघून थांबतेस की माझा पाय ऐकून?”

अनुपमाने विचार केला. शिक्षिकाच ती, प्रामाणिकपणे विचार केला. “पाय ऐकून,” ती म्हणाली. “आवाज आला की मारते.”

दांडी नव्हती, तरी दोघींचे पाय जोडलेलेच होते. दर्शनाला हसावं की रडावं कळेना. तिने ठरवून पाहिलं, पाय आपटायचा नाही. पुढच्या शंभर पावलांत तो तीनदा आपटला. डोकं ऐकत होतं, पाय ऐकत नव्हता. मग तिने चपला काढल्या, सीट मागे सरकवली, पट्टा बांधलेलाच होता, आणि दोन्ही पाय वर घेऊन सीटवर चक्क मांडी घातली. सत्यनारायणाला बसावं तशी.

“हे काय, मॅडम?”

“आता बसले. उठायला मला अर्धं मिनिट लागेल. तोवर गाडी तुझी.”

“आणि मी नाही थांबवली तर?”

“तर दोघी मिळून रिक्षावाल्याच्या शिव्या खाऊ. गियर टाक.”

मांडीच्या पहिल्या दिवशी वेग दहाचा. दर्शनाने दोन्ही हातांनी आपलेच घोटे आवळून धरले होते. पाय मांडीतल्या मांडीत तडफडत होता, बोटं आत वळत होती. एका रिकाम्या कोपऱ्यावर अनुपमा उशिरा थांबली, गाडीने झेब्रा पट्ट्यांवर नाक टाकलं. दर्शना काही बोलली नाही. पुढच्या कोपऱ्यावर अनुपमा फारच आधी थांबली, मागच्या टेम्पोने हॉर्नचा भडिमार केला. दर्शना काही बोलली नाही. तिसऱ्या कोपऱ्यावर गाडी जिथे थांबायला हवी तिथे थांबली.

“मॅडम,” अनुपमा समोर बघतच म्हणाली, “तुमचे हात पांढरे पडलेत. तुम्ही आत्ता घाबरलाय?”

“हो.”

“खूप?”

“फार. तू माझ्याकडे बघू नकोस, रस्त्याकडे बघ.”

अनुपमाच्या खांद्यातला ताठरपणा उतरला तो त्या दिवशी. नऊ वर्षांच्या ‘मी आहे ना’ने जे साधलं नव्हतं, ते या ‘हो’ने साधलं, असं म्हटलं तर दर्शनाला आवडायचं नाही, पण झालं तसंच. ती आता ओरडायचीही कमी. चिकूवाडीत फिरणारे म्हणू लागले, बाईंना घशाचं काही झालंय का?

दोन आठवडे रोज सकाळी ही मांडी. शिंपोली, लिंक रोड, एकदा तर थेट हायवे. काही दिवस वाईट गेले. एका सकाळी अनुपमाची गाडी सिग्नलला चार वेळा बंद पडली आणि ती रडली. एका सकाळी दर्शना घरातून निघालीच नाही, पोट दुखतंय म्हणाली. जयवंतने तिच्या चपला दारात काढून ठेवल्या आणि म्हणाला, “ती थंय गाडीत बसान वाट बघता.” ती उठली. पाऊण तास उशिरा, पण गेली.

बुद्धपौर्णिमेला सकाळी सातला गाडी निघाली. मागे द्रौपदीबाई, शेजारी कमळांची परडी आणि पाण्याची बाटली. पुढे दर्शना, मांडी घालून. हायवेवर द्रौपदीबाईंनी नातवाच्या तक्रारी सांगितल्या, भाईंदर येईपर्यंत सुनेच्या सांगितल्या, आणि उत्तनच्या रस्त्याला लागताच त्यांना झोप लागली. वारा खारा झाला. रस्त्याकडेला बांबूंवर बोंबील वाळत होते. रस्ता अरुंद, एका बाजूला घरं, पुढे उतार.

उतारावर डाव्या बाजूला बर्फाचा टेम्पो उभा होता. गाडी त्याच्याजवळ आली आणि टेम्पोच्या पुढून, डोक्यावर पाटी घेतलेली एक कोळीण सरळ रस्त्यात आली. पाटीमुळे तिला गाडी दिसलीच नसावी.

दर्शनाच्या डोळ्यांपुढून शहाळी गडगडत गेली. पाय मांडीतून सुटायला धडपडला, गुडघा दाराला आपटला. पाय काही बाहेर आला नाही. ‘ब्रेक’ हा शब्द घशापर्यंत आला होता, तो तिने दातांनी धरून ठेवला. एक क्षण. नऊ वर्षं ती ज्याच्यापासून पळत होती, तोच तो क्षण, आणि तो पूर्ण, पहिल्यापासून शेवटपर्यंत, तिला बसून काढावा लागला.

गाडी थांबली. धक्का नाही, किंकाळी नाही. कोळणीने मान वळवून बघितलं, “जरा बघून ग, बाय,” म्हणाली आणि पाटी सावरत निघून गेली.

अनुपमाचे दोन्ही हात स्टिअरिंगवर होते. “मी थांबवली,” ती म्हणाली. मग पुन्हा, जरा मोठ्याने, “मॅडम, मी थांबवली.”

दर्शनाने मागे वळून पाहिलं. परडीतलं एकही कमळ खाली पडलं नव्हतं. द्रौपदीबाई तोंड किंचित उघडं ठेवून गाढ झोपल्या होत्या. दर्शनाला रडू आलं, आणि गॉगल पर्समध्ये असल्यामुळे ते लपवताही आलं नाही.

पॅगोड्याच्या पायऱ्या द्रौपदीबाई कठड्याला धरून, कुणाचाही हात न घेता, पाऊण तासात चढल्या. ते वर्णन त्या स्वतः करतात तेच ऐकावं.

परत येताना अनुपमाने दर्शनाला दुकानासमोर उतरवलं. “मॅडम, आता घरी आम्ही दोघीच जातो,” ती म्हणाली. दर्शना मान हलवून फुटपाथवर उभी राहिली. गाडी पुढे निघाली, डावीकडे कुणीही नसलेली. नाक्यावर सिग्नल पिवळा झाला. दर्शनाचा उजवा पाय उचलला गेला आणि फुटपाथच्या लादीवर दाबला गेला.

पण त्याच्या आधीच, पुरत्या एका क्षणाने आधी, गाडीचे मागचे दोन लाल दिवे लागले होते. तिचा पाय उशिरा पडला होता. ती त्या झिजलेल्या चपलेकडे बघत तशीच उभी राहिली आणि मग रस्त्यात एकटीच हसायला लागली. समोर हातगाडी लावलेला माणिक ओरडला, “मॅडम, काय झालं?”

“उशीर झाला रे, उशीर झाला!” ती म्हणाली. माणिकला काही समजलं नाही.

ती दुकानात शिरली. जयवंतने तिच्याकडे बघितलं, मग स्टुलाकडे बघितलं. “बोर्ड उतरवू?”

“बोर्ड राहू दे. जुनं रजिस्टर काढ.”

“खुळी झालंस? तीनशे बायकांका सांगतलंस? शाळेचा नाव जायत.”

“जाऊ दे. नाव माझं नव्हतंच, माझ्या पायाचं होतं.” तिने गॉगल गल्ल्याजवळ ठेवला, खुर्ची ओढली आणि शीतलचा नंबर लावला.

“हॅलो, शीतल? दर्शना मॅडम. गाडी चालवतेस की नुसती पुसतेस?”

पलीकडून बारीक आवाजात, “पुसते, मॅडम.”

“उद्या सकाळी सहाला खाली उभी राहा. कापड काढून ठेव. आणि ऐक, चूक तुझी नव्हती, माझी होती.” तिने रजिस्टरवर शीतलच्या नावापुढे खूण केली आणि वरच्या ओळीतल्या बाईचा नंबर शोधू लागली.